छावणीचं शेवटचं कलम

माझ्या दादाच्या पायाला भिंगरी होती आणि डोक्यात नॉर्वेचा एक वकील. दादा हिंगोलीच्या कोर्टात उर्दूत वकिली करायचा. निजामाच्या राज्यात न्याय उर्दूतच मागावा लागे. मिळायचा किती, ते सोडा. कुठल्याशा जुन्या पुस्तकात त्याला हा नॉर्वेकर भेटला. शेजारचा राजा देश गिळायला टपलेला असताना शेतकरी, पाद्री, शिपाई एका घरात जमले आणि या वकिलानं त्यांच्यापुढे घटनेचा मसुदा ठेवला. दादा हे जेवता जेवता उठून, फेऱ्या मारत सांगायचा. भाकरी निवून जायची.

"तुझ्या नॉर्वेत जेवत न्हाईत का रे?" मी वैतागून विचारायचे.

अठ्ठेचाळीसच्या उन्हाळ्यात हिंगोलीजवळच्या गोरेगावच्या बाजूला निजामाच्या रझाकारांची जाळपोळ सुरू झाली. घटनेच्या गप्पा मारणाऱ्या वकिलाचं घर आधी पेटणार हे उघडच होतं. आमच्या गावात कापूस पिंजणारे एक मुसलमान चाचा होते. पैनगंगेचा उतार त्यांना ठाऊक होता. त्यांनी माझं लेकरू खांद्यावर घेतलं आणि आम्हाला नदीपलीकडे, वऱ्हाडातल्या छावणीत आणून सोडलं. वकिलाला पळून जायला मदत केली म्हणून गावाकडे त्यांच्या जिवावर माणसं उठली. मग तेही तापानं फणफणलेल्या चाचीला घेऊन छावणीतच राहिले.

मला तिथं एका जागी बसवेना. चुलीशी बसले की नदीकडे नजर जाई, नदीवर गेले की मागे काही झालं असेल असं वाटे. पाण्यावरून, जळणावरून रोज भांडणं. आम्ही सगळे कावलेले, आणि दादा खूश! छावणीला घटना पाहिजे, म्हणाला. वाळूतल्या झिऱ्यावर पाणी आधी कुणी भरायचं, पहारा कुणाचा, दाणे कसे वाटायचे, एकेक कलम तो वाचून दाखवी आणि हात वर करायला लावून मंजूर करून घेई.

तेवढ्यात जळालेल्या गावांतून नवी माणसं आली. चाचांना पाहून त्यांचं माथं भडकलं. "मुसलमान हितं ऱ्हायला तर आमी ऱ्हानार न्हाई," म्हणाले. दादा त्यांच्याशी घसा बसेपर्यंत बोलला. शेवटी वाकला आणि कागद घेऊन बसला.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. "काहून लिहून राहिला हे? तुझं भाचरू कुनी आनलं नदीपार?"

"छावणी फुटंल, बाई. आत्ता घालू, मागून काढू. नॉर्वेच्या घटनेतबी ज्यूंना बंदी होती. पुढं काढली त्यांनी."

"हे मला कधी सांगितलं न्हाईस!"

तो फेऱ्या मारू लागला.

"किती दिवसांनी काढली?"

"वर्षं लागली," तो तोंड फिरवून म्हणाला. मला त्याची शिसारी आली, आणि कीवही.

संध्याकाळी सगळे झाडाखाली जमले. बायकांचे हात मोजत नसत, म्हणून मी लेकराला काखेत घेऊन मागे उभी. दादानं कलम वाचलं: परधर्माच्या कुणी या छावणीत राहू नये. शब्द न् शब्द ऐकू येत होता. नव्या माणसांचे हात वर गेले. मग इतरांचे. मग दादाचा. आणि पुढच्या रांगेत बसलेल्या चाचांनीही हात वर केला.

त्यांना उमगलं नाही, असं वाटून मी माणसं ढकलत पुढे घुसले. "चाचा, हात खाली घ्या! तुमालाच हाकलून राहिलेत!"

"समजलं, लेकी." हात तसाच ठेवून ते म्हणाले. "पर वकीलसाहेबानं आजवर कुनाचं वाईट लिवलं न्हाई. त्यांनी लिवलं म्हंजे आमचा इचार करूनच लिवलं असंल."

मग ते दादाकडे वळले.

"आमी दोघांनी कुठं जायाचं, ते फुडं लिवलंय ना साहेब? तेवढं वाचा."