वरवंट्याचा पिच्चर

पुण्याला शिकणारा पुतण्या सुट्टीत आला तो कॅमेरा घेऊन. थोरल्या जावेचा पोरगा. म्हणे, आपल्या घरच्या वरवंट्यावर पिच्चर काढायचा. गोष्ट न्हाई, गाणं न्हाई, वरवंटा दिवसभर काय काय करतो तेवढंच. मी मनात म्हणलं, रिकामा न्हावी अन् भिंतीला तुंबड्या लावी. पण त्यानं खरंच काढला. मी ठेचा वाटला, शेंगदाणे कुटले, वाऱ्यानं दार आपटू नये म्हणून वरवंटा आडवा लावला, ते सगळं त्यानं जमिनीवर पालथं पडून घेतलं.

मग त्याला बारशातला वरवंटा पाहिजे झाला. आमच्याकडं पाळण्यात बाळाच्या आधी वरवंटा निजवतात, टोपडं घालून, काजळ लावून. त्याची बहीण बाळंतपणाला आलेली, बारसं तोंडावर. पण बायकांच्या गर्दीत कॅमेऱ्याला कोण जागा देतंय? म्हणून आधीच घ्यायचं ठरलं. जाऊबाई नेकनूरच्या बाजाराला गेलत्या, बाळंतीण खोलीत. राहिले मी. मला बारशाच्या पाळण्याला कुणी कधी हात लावू दिला न्हाई. दोनदा दिवस गेले, दोन्ही वेळा पोटातच गेलं. तवापासून बारसं म्हणलं की मी आपली चुलीपुढं.

पुतण्या म्हणला, "काकू, बाळच हाय असं समजून घ्या."

वरवंटा मांडीवर घेतला. टोपडं बांधलं, तीट लावली. लई जड होता, अन् काय सांगू, ते जडपण मला बरं वाटलं. पुतण्या 'झालं' म्हणून कवाच उठला, मी तशीच मांडी हलवत बसले. दारात जाऊबाई पिशवी घेऊन उभ्या होत्या, ते मला उशिरा दिसलं. त्या पिशवी घेऊन तशाच आत गेल्या. मला वाटलं, समजल्या असतील.

बारशाच्या दिवशी मीच वरवंटा घासून पाळण्यापाशी ठेवला. येडी आशा, दुसरं काय. वाटलं, यंदा मलाही बायकांत उभं करतील. जाऊबाईंनी तो उचलून मागच्या दारी नेऊन ठेवला अन् शेजारणीचा मागून आणला.

मी विचारलं, "कावून हो? आपला चांगला हाय की."

त्या पाळण्याला फुलं बांधत होत्या. वर न बघता म्हणल्या, "त्यो तुझ्या मांडीवर निजलाय न्हवं."

जीव नकोसा झाला मला. इतकी वर्षं बोलणी खाल्ली, पण माझ्यापायी दगडसुद्धा बाटतो हे ठाऊक न्हवतं. तेवढ्यात आत बाळ रडलं, अन् सगळ्याजणी तिकडं धावल्या.