गुलाबी रंगाची शिसारी

पुण्यात चित्रकलेचा डिप्लोमा करत होते तेव्हा आमच्या सरांनी वर्गात चिठ्ठ्या टाकल्या. प्रत्येक चिठ्ठीवर युरोपातल्या कलेचं एक साल. त्या सालात तिकडे काय काय रंगवलं गेलं ते शोधायचं आणि वर्गापुढे उभं राहून सांगायचं. मला सतराशे सदुसष्ट आलं.

लायब्ररीतली जाड पुस्तकं उघडली आणि पहिल्याच दिवशी मला मळमळलं. ढगांवर लोळणारी गुबगुबीत उघडी पोरं, लाली थापलेले गाल, पुरुषांच्या केसांवर पिठासारखी पावडर. गुलाबी, मोतिया, पुन्हा गुलाबी. बासुंदीचं अख्खं पातेलं एकटीने संपवल्यासारखं घशाशी यायचं. मी दौंडची. वडील रेल्वेत फिटर, त्यांच्या नखांतलं ऑइल शेवटपर्यंत गेलं नाही. संध्याकाळी वारा फिरला की कुरकुंभच्या केमिकल कंपन्यांचा वास आमच्या वस्तीत शिरायचा आणि आई दारं लावून घ्यायची. त्या गुलाबी ढगांशी माझं काय नातं असणार?

त्यातलं एक चित्र मात्र डोक्यातून जाईना. दाट बागेत झोक्यावर एक तरुणी. मागे अंधारात एक म्हातारा दोऱ्यांनी झोका हलवतोय. पुढे झुडपात एक तरुण उताणा पडून तिच्या घागऱ्यात बघतोय. सरांनी त्यामागची हकीकत सांगितली. एका सरदाराला आपण ठेवलेल्या बाईचं असं चित्र हवं होतं. झोका ढकलायला धर्मगुरू आणि तिचे पाय दिसतील अशा जागी स्वतः तो. पहिल्या चित्रकाराने नकार दिला. दुसऱ्याने काढलं, फक्त धर्मगुरूच्या जागी म्हातारा बसवला.

त्या चित्राची रंगीत झेरॉक्स मी घरी नेली. आईने ती हातभर लांब धरून पाहिली.

"आन् ह्या पोरीला कुणी इचारलं का, तुला काय पायजे म्हणून?"

वर्गात हे कुणाच्याच तोंडून आलं नव्हतं.

डिप्लोमा झाल्यावर मला शिरूरजवळच्या एका शाळेत चित्रकलेची शिक्षिका म्हणून कंत्राटी नोकरी लागली. दौंडहून रोज एसटीने जाणं-येणं जमेना, म्हणून शिरूरला एक खोली घेतली. माझ्यासोबत आमच्याच शाळेत पहिलीला शिकवणारी एक मुलगी राहायची, माझ्याहून लहान. मला ताई म्हणायची. हसली की तोंडावर हात धरायची.

शाळेच्या कमिटीत एक जण होते, त्यांना सगळे दादा म्हणत. रांजणगावला एमआयडीसी आली तशी त्यांची भरभराट झाली आणि हायवेला त्यांनी हॉटेल आणि मंगल कार्यालय बांधलं. एक दिवस त्यांनी मला बोलावून घेतलं.

"बाई, तुम्ही फॉरेनची चित्रं शिकलाय म्हनं. वरच्या हॉलला एक भिंत हाय. काहीतरी भारी पायजे, मोठ्या लोकांकडं असतंय तसं."

मी पुस्तकातली चार-पाच चित्रं दाखवली. त्यांनी बरोबर झोक्यावरच बोट ठेवलं. बोटाला गुटख्याचा लाल डाग होता.

सुट्टीच्या दिवसांत मी परांचीवर चढून ती भिंत रंगवू लागले. हॉलमध्ये आदल्या लग्नाचा वास कोंडलेला असायचा. आंबलेलं श्रीखंड, तेल, कुजलेली झेंडूची फुलं. कोपऱ्यांत पिचकाऱ्या. त्यावर माझ्या टर्पेंटाइनचा वास. आधी झाडं केली. पानं करताना लक्षात आलं की मूळ चित्रकाराचा हात विलक्षण होता. उजेड कुठून येतो, कुठे विरतो, सगळं त्याला कळत होतं. एवढा हात असून त्याने हे काढलं, याची मला जास्त किळस आली.

झोक्यावरच्या मुलीचा झगा गुलाबी रंगवून झाला. चेहरा तेवढा राहिला होता. त्या दुपारी दादा दोन मित्रांना घेऊन वर आले आणि खिशातून एक फोटो काढला. शाळेच्या गॅदरिंगचा फोटो होता, कात्रीने कापलेला. त्यात माझ्या खोलीतली ती मुलगी, तोंडावर अर्धा हात धरून हसणारी.

"झोक्यावर हिचा चेहरा बसवा. आन् खाली झुडपात आपल्याला घ्या."

मित्र हसले. एकाच्या तोंडातून सुपारीचा तुकडा उडून माझ्या रंगाच्या डब्यात पडला.

मी म्हणाले, "दादा, हे चित्र पहिल्यांदा मागणाऱ्या सरदारानेही हेच सांगितलं होतं."

मला वाटलं, त्यांना लाज वाटेल. त्यांनी छाती पुढे काढली.

"बघा! म्हंजी आपली आवड सरदाराची हाय!"

फोटो घेऊन मी थेट खोलीवर गेले. दाखवू की नको, असं वाटेत चालूच होतं. पण दाखवला. तिने फोटोच्या कापलेल्या कडेवरून बोट फिरवलं. मग म्हणाली, "ताई, ते शाळेत येतात तवा वर्गाच्या दारात उभे राहतात. पोरं पाठ म्हणत असतात आन् ते नुसते बघत राहतात. मला वाटायचं, माझ्याच मनाचे खेळ."

"हे मी काढणार नाही," मी म्हणाले.

"तुम्ही न्हाई काढलं तर दुसरं कुणीतरी काढंल. मला दाखवा भिंत."

आम्ही तशाच निघालो. हॉलमध्ये खाली भटारखान्याची माणसं तेवढी होती. बिनचेहऱ्याची ती गुलाबी बाई पाहून तिने ओढणी नाकाला लावली. मग मला फडकं मागितलं. रंग अजून ओला होता. टर्पेंटाइनमध्ये बुडवलेलं फडकं तिने झग्यावरून जोराने फिरवलं आणि गुलाबी रंग ओघळत फरशीवर आला. मीही दुसरं फडकं घेतलं. झगा गेला, पाय गेले, झुडूप गेलं. हातांना कोपरापर्यंत चिकट गुलाबी लागलं होतं. ती खिडकीशी गेली आणि बाहेर ओकली. तोंड पुसून परत आली आणि राहिलेली दोरी पुसली.

जूनमध्ये माझं कंत्राट पुढे चाललं नाही. कारण कुणी सांगितलं नाही, मी विचारलंही नाही. तिने मात्र कमिटीच्या बैठकीत सगळ्यांसमोर फोटो टेबलावर ठेवला. "हा माझा फोटो दादांकडं कसा आला, तेवढं सांगा," म्हणाली. सगळे पंख्याकडे बघत राहिले. दादांनी पुन्हा शाळेत पाऊल टाकलं नाही, पण हार-तुरे घेणं कुठे थांबलं नाही. वर्षभराने ती लग्न न करता, घरच्यांशी भांडून, बी.एड.ला गेली. मी दौंडला चित्रकलेचे क्लास सुरू केले.

पुढे माझ्या एका विद्यार्थिनीचं लग्न त्याच कार्यालयात निघालं. जाणं भाग होतं. वरच्या हॉलमध्ये दुसऱ्या कुणी पेंटरने झोका पूर्ण केला होता. मुलीला एका नटीचा चेहरा, झुडपात दादा, मिशांसकट. भिंतीला ओल धरली होती. जेवून उठलेले लोक तिच्या झग्याला हात पुसत होते, तूप आणि हळदीचे पंजेच्या पंजे उमटले होते. लहान मुलं झुडपातल्या दादांकडे बोट दाखवून हसत होती, आणि खुद्द दादा समोरच पंक्तीत आग्रहाची जिलबी वाढत होते. त्यांनी मला ओळखलं की नाही, कळलं नाही. माझ्याही पानात जिलबी टाकली.

मी पान तसंच सोडून उठले. नवरीला भेटले, तिला ब्रशचा सेट दिला आणि एसटी पकडली.