तगादाबाई

माझ्या थोरल्या बहिणीला कॉलेजच्या ग्रंथालयात सगळे तगादाबाई म्हणत, आणि ते नाव तिने कमावलेलं होतं. तिच्याकडे मासिकांचा विभाग. वर्गणी भरलेला एखादा अंक आला नाही की ती प्रकाशकाला पत्र टाकायची, मग दुसरं, मग तिसरं. शेवटी समोरचा कंटाळून अंक पाठवायचा. घरीही तेच. माझ्याकडे राहिलेला डबा परत मिळेपर्यंत ती मला सुखाने जेवू द्यायची नाही.

मग मासिकं एका कंपनीमार्फत संगणकावर आली. टपाल नाही, गठ्ठे नाहीत, अंक गहाळ व्हायचा प्रश्नच नाही. तगाद्याला कोणी उरलं नाही आणि ताईला एका जागी बसवेना. नुसती कपाटांमधून फिरायची. अशातच प्राचार्यांना संगणकांसाठी जागा हवी झाली. जुने अंक पडद्यावर दिसतातच, मग हे बांधीव खंड कशाला? ताईने सही केली. खंड रद्दीत गेले.

पुढे कॉलेजने काही वर्गण्या थांबवल्या, आणि लगेच माशांच्या रोगांवर प्रबंध लिहिणारी एक मुलगी ताईसमोर येऊन उभी राहिली. "मॅडम, जुने अंकपण उघडत नाहीत."

त्या संध्याकाळी ताई माझ्याकडे आली आणि चप्पल न काढताच बोलायला लागली. "मला सांग, पेपर बंद केला म्हणून पेपरवाला घरातली रद्दी उचलून नेतो का?"

"नाही."

"हे नेतात."

कंपनीशी केलेल्या करारात सोय होती. पैसे भरलेल्या वर्षांचे अंक कायम उघडे राहतील, पण वर्गणी थांबवताना तसं लेखी मागायला हवं. ताईने मागितलंच नव्हतं. जन्मभर जगाच्या मागे लागलेल्या बाईने नेमकं तेव्हाच गप्प बसावं, याचा मला भयंकर राग आला. आम्ही दोघी रद्दीवाल्याकडे धावलो. खंडांचे पुठ्ठे तेवढे उरले होते. कागद केव्हाच लगद्याला गेला होता. ताई पुठ्ठ्यांवरची वर्षं वाचत उभी राहिली. तिला ओढून आणावं लागलं.

तिची निवृत्ती तोंडावर आलेली, मुलीचा प्रबंध त्याहून तोंडावर. ताईने कंपनीकडे तगादा सुरू केला. पत्र गेलं की तत्काळ उत्तर यायचं, 'आपली विनंती मिळाली आहे.' मशीनच ते. त्याला ना लाज ना कंटाळा. ताईचा सगळा कारभार समोरच्याच्या कंटाळ्यावर चाललेला. जेवताना उठायची, उत्तर आलं का बघायची, परत लिहायची.

"अगं, बस की जरा."

"बसते," ती उभ्यानेच म्हणायची.

ती निवृत्त झाली, तिचा पासवर्डही बंद झाला, अंक काही उघडले नाहीत.

मग एका दुपारी मी तिच्याकडे असताना त्या मुलीचा फोन आला. "मॅडम, उघडलं. ग्रंथपालांना कंपनीतल्या माणसाचं उत्तर आलंय."

ताईने डोळे मिटले, पण क्षणभरच. "सगळे आहेत? एकेक उघडून बघ."

मुलगी बघत होती तोवर ताई फोन कानाशी धरून येरझारा घालत राहिली.

"एक नाहीये. पण मला तो लागणार नाही, मॅडम."

"तुला नाही लागणार. पुढच्याला लागेल." ताईने सवयीने कागद ओढला, पेनाचं टोपण काढलं आणि थांबली. मला तिच्याकडे बघवेना. "माझ्या जागेवर कोण आलंय?"

"कुणीच नाही. जागा भरायची नाही म्हणतात."

"मग तू लिही. वाचक म्हणून लिही. मजकूर सांगते, घे. आणि उत्तर आलं नाही तर उद्या परत लिही."

मजकूर सांगून संपला, तरी ती खाली बसली नाही.