उसवणीच्या खेळातली गाठ

माझी बोटं फार हुशार होती, सगळा घात तिथंच झाला. लग्न होऊन मोहोळहून सोलापुरात आले, तेव्हा सासूनं पहिल्याच आठवड्यात मला कांड्या भरायला बसवलं. रहाटावर सूत गुंडाळताना धागा तुटला की त्याच्याकडं न बघता गाठ मारायची, तीही इतकी बारीक की विणताना कुठं अडकू नये. पुढं पुढं तर मी शेजारणीशी दिवसभर गप्पा मारायची, आणि धागा कुठं तुटला, किती वेळा तुटला, हे माझं मलाच सांगता यायचं नाही.

नवरा हातमागावर लुगडी विणायचा. पण त्याचं नाव होतं ते उसवणीच्या खेळात. आता तो खेळ कुणी बघितलेला उरला नाही, म्हणून सांगते. गड्ड्याच्या जत्रेत मांडव घालून, जमिनीत खड्डा करून त्यावर माग बसवायचे. बघणाऱ्यांपैकी कुणीतरी घरचं जुनं कापड घेऊन यायचं. ते मागावर ताणून नवरा खड्ड्यात पाय सोडून बसायचा आणि उलट्या बाजूनं एकेक आडवा धागा काढत जायचा. जितकं कापड उसवलं तितका काळ मागं जायचा. ते कापड ज्या दिवशी विणलं, तो दिवस मागाभोवतीच्या चार हात जागेत पुन्हा उभा राहायचा आणि नवरा त्यात शिरायचा. कुणाचा मेलेला बाप चिलीम ओढताना दिसायचा, आणि चांगली मिशीवाली माणसं धाय मोकलून रडायची. निघालेला धागा बाहेर बसून रहाटावर गुंडाळायचा, हे माझं काम. पुरे झालं की मी तो परत द्यायची आणि नवरा सुलटं विणत विणत आजच्या दिवसात यायचा.

धागा तुटला तर तुटू द्यायचा. खेळणाऱ्याचं आयुष्य तेवढं कमी व्हायचं, पण तो परत यायचा. तिशीतच नवऱ्याचे केस पांढरे झाले होते ते त्यामुळं. गाठ मात्र मारायची नाही. गाठ बसली की ती वेळ तिथंच बांधली जायची आणि आत गेलेला माणूस आतच राहायचा. माझ्या बोटांची खोड सगळ्यांना ठाऊक, म्हणून खेळाला बसताना मी उजव्या हाताची दोन बोटं चिंधीनं घट्ट बांधायची.

आमची मुलगी चार वर्षांची होऊन तापानं गेली. तेव्हा मागावर हिरवं लुगडं अर्धं झालं होतं. नवऱ्यानं ते पुढं विणलं नाही आणि विकलंही नाही, तसंच कापून पेटीत ठेवलं. त्यातली शेवटची वीत विणताना ती त्याच्याजवळ बसलेली होती. हे त्यानंच मला सांगितलं होतं, म्हणून मी त्याच्या मागं लागले. दोन वर्षं लागले. जेवण वाढताना तेच, सूत वाळत घालताना तेच.

"साऱ्या दुनियेची माणसं दाखवता, आणि आपली पोर तेवढी नगं व्हय?"

"आपल्या कापडावर हात कापत्यात गं," तो म्हणायचा. "आन् तिला बघितल्यावर मी परत कसा येऊ?"

"येताय की. मी हाय न्हवं बाहीर, धागा धरून?"

या एका बोलण्यावर तो तयार झाला.

इंग्रजांनी सोलापुरात लावलेला मार्शल लॉ उठल्यानंतरचा तो पहिला गड्डा. भर दुपारी नवऱ्यानं हिरवं लुगडं मागावर चढवलं, आणि शेंगा खात बसलेली माणसं पुढं सरकली. चार बोटं उसवलं असेल नसेल, तेवढ्यात ती दिसली. खड्ड्याच्या काठावर पाय हलवत बसली होती. एकाच पायात वाळा होता. दुसरा तिनं त्याच दिवशी सकाळी हरवला होता आणि त्यापायी मी तिला रट्टा दिला होता. तो रट्टा आठवला आणि माझे डोळे असे भरले की समोरचं काही दिसेना. मला तिला बघायचं होतं. त्यासाठीच तर दोन वर्षं नवऱ्याचा जीव खाल्ला होता. मी बोटांची चिंधी सोडली आणि त्या चिंधीनंच डोळे पुसले. तेवढ्यात धागा तुटला.

गाठ मारली हे मला कळलंसुद्धा नाही. रहाट फिरतच होता. नवऱ्यानं मान वर करून माझ्याकडं बघितलं. रागावला नव्हता. मग पोरीनं त्याचा सदरा ओढला, तो तिच्याकडं वळला आणि खड्डा रिकामा झाला.

आमच्या गल्लीतल्या सगळ्यात म्हाताऱ्या खेळणाऱ्यानं येऊन गाठ चाचपली. "काप ही," तो म्हणाला. "नवरा यील बाहीर. पोरीची ती दुपार मातुर संपली मग. पुन्यांदा कुणाला दिसायची न्हाय." त्यानं कात्रीही दिली. तीन दिवस ती उशाशी ठेवली आणि मी परत करून आले. नवऱ्यालाही हेच हवं असणार, असं मी शेजारपाजारच्यांना सांगितलं. त्याला विचारलं होतं कुणी?

पुढं मी दुसऱ्यांच्या कांड्या भरून पोट भरलं. लुगडं पेटीतच आहे. दुपारी काढते, गाठीवरून बोट फिरवते आणि परत ठेवते. मला त्यांची फार आठवण येते. माणसं म्हणतात, निदान दोघं एकत्र आहेत. आहेत खरे. पण ती वीत विणली जात होती तेव्हा मी घरात नव्हते. सकाळी रट्टा देऊन, दुपारी घागर घेऊन नळावर गेले होते.

तिथं ती अजून विचारत असेल, "आई कुटं गेली?" आणि तो धोटा न थांबवता म्हणत असेल, "पानी आनायला गेलीया की. यील आता."