मिळवल्यावर वाढलं पाहिजे

आदरणीय सुमनबाई गायकवाड यांची माझी पहिली ओळख कऱ्हाटीच्या शाळेतली. मी सहावीत होतो. आमचे घर मेंढपाळाचे. दिवाळीनंतर कळपाबरोबर आम्ही कोकणाकडे जायचो आणि परत येईपर्यंत अपूर्णांकांचा धडा होऊन गेलेला असायचा. त्या वर्षी बाईंनी तो धडा दिवाळीआधीच घेतला. कोणासाठी, हे त्यांनी कधी बोलून दाखवले नाही.

अर्धा अधिक पाव यांची बेरीज मी फळ्यावर दोन षष्ठांश लिहिली. अंशात अंश मिळवला, छेदात छेद. वर्ग हसला. त्याच वेळी माझे वडील, आबा, मला शाळेतून कायमचे न्यायला आले होते. ते दारातूनच म्हणाले, "बाई, मेंढरं काय अर्धी-पाव नसत्यात. ह्याला पुरी मोजता आली म्हंजी झालं."

बाईंनी आबांना आत बोलावून स्वतःची खुर्ची दिली. माझ्या फडक्यातली भाकरी मागून घेतली. अर्धी भाकरी आणि शेजारी एक चतकोर ठेवून आबांना विचारले, एवढे खाल्ले तर पोटात किती गेले? पाऊण, आबा म्हणाले. त्यात काय विचारायचे, असा त्यांचा चेहरा. मग बाई माझ्याकडे वळल्या.

"तुझं उत्तर अर्ध्याहूनही कमी आलंय, बाळा. मिळवल्यावर वाढलं पाहिजे. कमी झालं, तर थांबून पुन्हा बघायचं."

त्यांनी अर्धीचे दोन चतकोर केले. तुकडे सारखे झाले, आता नुसते मोजायचे. तीन चतकोर. समच्छेद म्हणजे एवढेच.

आबा त्या तुकड्यांकडे बघत राहिले. मग अर्धी आणि तिसरा हिस्सा कसा मिळवायचा, असे त्यांनीच विचारले. बाईंनी फडक्यातल्या दुसऱ्या भाकरीचे सहा सारखे तुकडे केले. अर्धीचे तीन, तिसऱ्या हिश्श्याचे दोन. एक उरला.

"त्यो तुमचा, बाई," आबा म्हणाले. "पोरगं बी ऱ्हाऊ द्या हितंच."

बाईंनी तो तुकडा तिथेच, सगळ्यांसमोर खाल्ला.

पुढे पिंपळीला आत्याकडे राहून मी नववीपर्यंत शिकलो. आता इंदापुरात सुतारकाम करतो. पाव इंच असो वा अर्धा, आधी सगळ्याचे सूत, म्हणजे इंचाचे आठवे भाग, करतो, मग मिळवतो आणि वाढले ना, हे दोनदा बघतो.

बाईंच्या साठीनिमित्त लिहिलेल्या या लेखात ऱ्हस्व-दीर्घ चुकले असल्यास बाईंनी लाल शाईने दुरुस्त करावे. त्यांच्या साठ वर्षांत आम्ही सारे आपापल्या शुभेच्छा मिळवत आहोत. त्यांची तब्येत ठणठणीत राहो. वर्षे वाढलीच पाहिजेत. नियम त्यांचाच आहे.