कोडेराव आणि आईच्या फोनचं कुलूप

कोडेराव चष्म्याच्या दुकानात काचा घासायचे, पण ते नुसतं पोटापुरतं. त्यांचा जीव गुंतलेला फोनमधल्या 'किल्लीमंडळ' नावाच्या ग्रुपात. तिथली माणसं सरळ बोलायचीच नाहीत. कुणीतरी '४७ठ९१ठ' एवढंच टाकायचं आणि बाकीच्यांनी अर्थ लावत बसायचं. आकडे उलटे वाचा, अक्षरं तीन घरं पुढे सरकवा, नाहीतर कीबोर्डवरचं शेजारचं बटण धरा. एवढा आटापिटा करून निघायचं काय, तर 'आज डोकं दुखतंय'. अहो, मग सरळ सांगा ना! पण नाही. आणि या मंडळात कोडेरावांचा शब्द शेवटचा.

अशा माणसाच्या आईच्या फोनला कुलूप लागलं. "पासवर्ड सोपा ठेवू नकोस, चोर टपलेले असतात," असं त्यांनीच तिला बजावलं होतं. आईने अवघड ठेवला, रोज अंगठा लावून फोन उघडत राहिली आणि पासवर्ड साफ विसरली. मग एकदा फोन आपोआप बंद होऊन सुरू झाला आणि अंगठ्याला जुमानेना. आईला आठवत होतं एवढंच, की सहा आकडे आहेत आणि "या घरात कुणाला कधी सुचणार नाही असं ठेवलंय."

त्या फोनमध्ये बाबांचा आवाज होता. ते जाण्याआधी चुकून रेकॉर्ड झालेला, दुसरीकडे कुठेच नाही. आई रोज दुपारी तो ऐकायची. फार वेळा चुकलं तर फोन सगळं पुसून टाकणार होता.

कोडेरावांनी बाह्या सरसावल्या आणि पहिल्यांदा स्वतःची जन्मतारीख टाकली. आईला दुसरं काय सुचणार? चुकलं.

"तुझी तारीख शेंबडं पोरही टाकून बघेल," आई म्हणाली.

मंडळाला साकडं घातलं. एकाने बाबांची जन्मतारीख उलटी करायला सांगितली. चुकलं. लग्नाच्या तारखेत तीन तीन मिळवले. तेही चुकलं. असं करत करत शेवटची एक संधी उरली. आईने डोळ्यांना पदर लावला आणि कोडेरावांच्या तोंडचं पाणी पळालं.

बायको तिथेच कपड्यांच्या घड्या घालत होती. सासू-सुनेचं विळ्याभोपळ्याचं सख्य, त्यामुळे ती इतका वेळ गप्प होती. आता उठली.

"या घरात कुणाला कधी सुचत नाही असं एकच आहे. द्या इकडे."

"अगं, शेवटची संधी आहे!" कोडेराव किंचाळले.

तिने सहा आकडे दाबले. फोन उघडला. आईने घाईघाईने रेकॉर्डिंग लावलं.

"अगं, तो नळ बंद कर की! टाकी रिकामी करतेस का?" बाबा खेकसले. आई हसता हसता रडायला लागली.

"तुझा वाढदिवस!" तिने सुनेचा हात धरला. "कुणाच्या लक्षात नसतो, म्हटलं चोराला कुठून कळणार? आणि मेली मीच विसरले बघ."

कोडेरावांनी मंडळात ताबडतोब कळवलं, 'उघडलं!' उलट धडाधड विचारणा आली, 'आकडे कोणते?' इकडे फोनला पुन्हा कुलूप लागलं होतं.

"अंगठ्याचा आता भरवसा नाही. आकडे टाकून लाव रे, अजून एकदा ऐकू दे," आईने फोन त्यांच्या हातात दिला.

कोडेरावांनी बोट उचललं आणि ते तिथेच थांबलं. बायको घड्या सोडून त्यांच्याकडे बघत होती. तारीख राहू दे, तिचा वाढदिवस उन्हाळ्यात येतो की थंडीत, तेही त्यांना आठवेना.