पुकाऱ्याला आलेलं उत्तर

माझी स्वतःची पॅथॉलॉजी लॅब आहे. स्लाइडवर दिसेल तेवढंच खरं, असं मानणारी मी. या सदरातले अनुभव वाचून मी हसलेली आहे, हे आधीच कबूल करते... आता माझाच लिहायला बसलेय.

नाशिकचं जिल्हा न्यायालय, सीबीएसजवळचं. माझे बाबा आणि त्यांचे धाकटे भाऊ सुकदेवकाका तरुणपणी सटाण्याकडून इथे आले, मखमलाबादला मिळून फुलांचा मळा केला. पुढे बांधावरच्या विहिरीवरून बिनसलं आणि बोलणं बंद झालं ते कोर्टातच पुन्हा सुरू झालं – तेही वकिलांमार्फत. बाबांना त्या दगडी इमारतीचं फार अप्रूप. मी कंटाळले की म्हणायचे, इंग्रजांच्या काळापासून इथे खून, दरोडे, वतनांचे वाद चाललेत, आपली विहीर म्हणजे काहीच नाही.

गेल्या वर्षी बाबा गेले. अपिलात वारस म्हणून माझं नाव लागलं, पण प्रकरण पुकारताना आधी मूळ नाव घेतात – अमुक अमुक, मयत, तर्फे वारस.

त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीआधी आमचा नंबर लागला. मी पुढच्या बाकावर, काका पलीकडे. शिपायाने दारात उभं राहून पुकारलं, "दामोदर नारायण..."

'मयत' हा शब्द त्याच्या तोंडून निघायच्या आत मागून उत्तर आलं.

"शे. मी आठेच शे."

आहे, मी इथेच आहे – घरात आम्ही अहिराणीच बोलतो. आवाज बाबांचा होता. मला मान वळवता येईना.

भास म्हणून सोडून दिलं असतं. पण न्यायाधीशांनी मान वर केली, दाराकडे बघितलं आणि शांतपणे म्हणाले, "या, पुढे या."

कोणीच आलं नाही. आमचे वकील चाचरत उठले, पक्षकार हयात नाहीत असं त्यांनी सांगितलं. न्यायाधीश क्षणभर दाराकडेच बघत राहिले. मग पेन खाली ठेवून म्हणाले, सुट्टीनंतर घेऊ.

बाहेर व्हरांड्यात काका भिंतीला धरून उभे होते. कित्येक वर्षांनी ते माझ्याशी बोलले.

"तुले ऐकू वनं का?"

मी होकारार्थी मान हलवली.

"हाऊ दादाना आवाज शे," म्हणाले आणि तिथेच फरशीवर बसले. मीही त्यांच्याशेजारी बसले. मग त्यांनीच विचारलं, दादाचा आवाज तर गेला होता ना?

तेच तर... बाबांना घशाचा कॅन्सर होता. ऑपरेशनमध्ये स्वरयंत्र काढावं लागलं. शेवटची दोन वर्षं ते पाटीवर लिहून बोलायचे. मी ऐकला तो त्याआधीचा, मळ्याच्या या टोकावरून त्या टोकाला हाक मारणारा आवाज होता.

सुट्टीनंतर काकांनी तडजोडीला होकार दिला. विहीर दोघांची ठरली. आता ते घरी येतात, चहा घेतात.

स्पीकर, मोबाइल, कोणाची थट्टा – सगळं तपासून झालं. शिपायाला, वकिलांना विचारलं. दोघांनीही आवाज ऐकला होता, माणूस कोणीच पाहिला नव्हता.

आई त्या दिवशी कोर्टात नव्हती. तिला खरं-खोटं करायचंच नाही. अधूनमधून एवढंच विचारते, "आवाज मोकळा होता ना गं त्यांचा?"

मी हो म्हणते.